शिकागोचा इतिहास आणि साक्षीपुरावा

शिकागो हे नाव आमच्या वाचकांस १८९३ च्या सर्वधर्मपरिषदेमुळे परिचित आहे. त्या परिषदेस जाण्यापूर्वी, १८९२ च्या ऑक्टोबरात, स्वामी विवेकानंद बेळगावात भाटे वकिलांच्या घरी उतरले होते व तेथून पुढे गोमंतकात मडगावास गेले, हे या भागातील वाचकांस सांगावयास नको. परंतु ज्या जागतिक प्रदर्शनाच्या निमित्ताने ती परिषद भरली ते प्रदर्शन, आणि ज्या नगरीने ते भरविले ती नगरी, यांविषयी आपल्याकडे फारसे वाचले जात नाही. इंग्रजीत मात्र या एका शहरावर ग्रंथांचा पूर लोटला आहे. त्यांतील काही आम्ही लागोपाठ वाचले. ‘रंगतदार इतिहास’ म्हणून जे खपते त्यात रंग किती व इतिहास किती, हा प्रश्न वकिली सवयीने वारंवार मनात येई. त्याचाच येथे विचार करावयाचा आहे.

सर्वांत लोकप्रिय ग्रंथ एरिक लार्सन यांचा ‘द डेव्हिल इन द व्हाइट सिटी’ (२००३). त्यात दोन कथा एका वेणीत गुंफल्या आहेत. एक, प्रदर्शन उभारणाऱ्या डॅनियल बर्नहॅम या वास्तुविशारदाची. दुसरी, त्याच प्रदर्शनाच्या सावलीत माणसे मारणाऱ्या होम्स नावाच्या ठकाची. बर्नहॅमचा भाग उत्कृष्ट आहे. सरोवराकाठच्या ओसाड, चिखलट जागेवर पांढरीशुभ्र नगरी उभी राहते. आपल्या जत्रेतील आकाशपाळण्याचे फेरिसने केलेले महाकाय पोलादी रूप तेथे फिरू लागते, त्याला ३६ डबे, आणि एकेका डब्यात ६० माणसे! सहा महिन्यांत सुमारे २ कोटी ७० लाख प्रवेशांची नोंद झाली. हे सारे कागदोपत्री सिद्ध आहे व लार्सन ते रसाळपणे सांगतात.

आमची हरकत होम्सच्या भागास आहे. बंद खोलीत मारणारा आणि मरणारा असे दोघेच असताना, मरणाऱ्या स्त्रीला शेवटच्या घटकेस काय जाणवले हे लेखकास कोणी सांगितले? ग्रंथाच्या अखेरीस टिपांमध्ये लार्सन प्रांजळपणे कबूल करतात की, सरकारी वकील समारोपाच्या भाषणात जसे धागे जुळवितो तसे आपण जुळविले आहेत. उपमा चतुर आहे, पण अपुरी. न्यायालयात दुसऱ्या बाजूचाही वकील उभा असतो, आणि वकिलांची भाषणे म्हणजे पुरावा नव्हे अशी समज पंचांस दिलेली असते. होम्सला १८९६ मध्ये फिलाडेल्फियात फाशी झाली ती एका खुनासाठी. वृत्तपत्राकडून पैसे घेऊन त्याने २७ खुनांची कबुली लिहून दिली, तीतील काही ‘मृत’ माणसे जिवंत निघाली! अ‍ॅडम सेल्झर यांनी २०१७ च्या आपल्या ग्रंथात त्याच्या तथाकथित ‘किल्ल्या’भोवतीच्या कथा एकेक करून तपासल्या आहेत, आणि त्यांतील बऱ्याच वृत्तपत्रांच्या कारखान्यातील ठरतात.

या बाबतीत आपली स्थलपुराणे अधिक सरळ म्हटली पाहिजेत. देव कोणत्या वारुळातून प्रकटला, गाय कोणत्या शिळेवर पान्हा सोडीत होती, हे ती श्रद्धेची गोष्ट म्हणून सांगतात. साक्षीदाराचा आव आणीत नाहीत.

शिकागोच्या पुराणातही एक गाय आहे, पण तिने एका गरीब बाईची अब्रू घेतली. ८ ऑक्टोबर १८७१ च्या रात्री डीकोव्हन रस्त्यावरील कॅथरिन ओलिअरी या आयरिश गवळणीच्या गोठ्यापासून आग भडकली. दोन दिवसांत सुमारे ३०० माणसे मेली, सुमारे एक लाख निराधार झाली. गाईने लाथ मारून कंदील उलथविला आणि शहर जळाले, ही कथा राख निवण्याच्या आत वृत्तपत्रांत आली व पुढे शाळकरी मुलांच्या तोंडी बसली. अधिकृत चौकशीत बाईने आपण त्या वेळी अंथरुणात होतो अशी जबानी दिली. चौकशी मंडळास आगीचे कारण ठरविता आले नाही. पण परदेशातून आलेली, गरीब, कॅथलिक, त्यातून स्त्री, तिच्या बाजूने कोण बोलणार? १८९५ मध्ये ती हा डाग घेऊनच वारली.

रिचर्ड बेल्स हे व्यवसायाने वकील, जमिनीच्या हक्कांचा विमा उतरविणाऱ्या संस्थेतील. शिळ्या जबान्यांची हजारावर हस्तलिखित पाने त्यांनी वाचली, आणि जमिनीच्या जुन्या नोंदींवरून त्या गल्लीचा नकाशा पुन्हा काढला. डॅनियल सुलिव्हन नावाच्या, लाकडी पायाच्या शेजाऱ्याने आपण रस्त्यापलीकडून आग पाहिली असे सांगितले होते. बेल्स दाखवितात की, तो जेथे बसल्याचे सांगतो तेथून मधल्या घरामुळे गोठा दिसणे शक्य नव्हते. सव्वाशे वर्षांनंतर झालेली ही उलटतपासणी वाचताना आम्हांस जो आनंद झाला तो कोणत्याही खूनकथेने झाला नाही. त्यांच्या संशोधनाचा परिणाम म्हणून १८९७ नव्हे, तर १९९७ मध्ये शिकागोच्या नगरसभेने कॅथरिन व तिची गाय यांस दोषमुक्त केले. ग्रंथ २००२ मध्ये निघाला.

तरीही एके ठिकाणी बेल्स यांच्याशी आमचे जमत नाही. एका मृतास सोडवून ते दुसऱ्या मृतास, म्हणजे सुलिव्हनलाच, पिंजऱ्यात उभे करतात. साक्षीदार खोटे बोलला एवढ्यावरून तो गुन्हेगार ठरत नाही. संशयाचा फायदा ओलिअरीबाईस, तसा त्यालाही मिळावयास हवा होता.

१८८६ च्या हेमार्केट बाँबप्रकरणाच्या खटल्यावर मात्र दोन्ही पक्षांचे ग्रंथ उपलब्ध आहेत. आठ आरोपी, त्यांपैकी चौघांस १८८७ मध्ये फाशी. बाँब कोणी टाकला हे अखेरपर्यंत सिद्ध झाले नाही. उरलेल्या तिघांस १८९३ मध्ये राज्यपाल आल्टगेल्ड यांनी क्षमा करताना खटल्यावरच कडक ताशेरे ओढले. पॉल अ‍ॅव्हरिच (१९८४) आरोपींच्या बाजूने लिहितात. टिमोथी मेसर-क्रूस (२०११) खटल्याच्या मूळ कागदांवरून, त्या काळाच्या मानाने तो न्याय्यच होता असे प्रतिपादितात. आम्हांस आल्टगेल्डचे म्हणणे पटते. पण दोन्ही ग्रंथ शेजारी ठेवूनच वाचावेत.

राहता राहिला विल्यम क्रोनन यांचा ‘नेचर्स मेट्रोपॉलिस’ (१९९१). यात धान्य, लाकूड, मांस आणि रेल्वे हेच नायक. शेतकऱ्याचा गहू पोत्यातून निघून प्रतवारीप्रमाणे एकाच प्रचंड कोठारात मिसळला की त्याचा राहत नाही. हाती उरते ती पावती, आणि बाजारात तीच विकली जाते. कोठारवाल्यांच्या मक्तेदारीवरून झालेला ‘मन विरुद्ध इलिनॉय’ हा खटला (१८७७) कायद्याच्या विद्यार्थ्यांस ठाऊक असेल: खाजगी मालमत्तेत सार्वजनिक हित गुंतले असेल तर तिचे दर सरकारास ठरविता येतात, असा तो निर्णय. मन महाशयांची पेढी १८७२ मध्येच बुडाली होती, हे विशेष! या ग्रंथात तळघरे नाहीत, क्लोरोफॉर्म नाही. तरी गव्हाच्या कोठारांचे प्रकरण आम्ही एका बैठकीत वाचून काढले.