नोह नाट्याचे दोन अनुवाद व माहूरचा गोंधळ

जपानांतील नोह या प्राचीन नाट्यप्रकाराचे जे दोन इंग्रजी अनुवाद विशेष प्रसिद्धि पावले, त्यांचें परीक्षण मराठवाड्यांतील संशोधकांसहि उपयोगीं पडेल, असें आम्हांस वाटतें. नांदेड जिल्ह्यांतील माहूरच्या रेणुकेचे उपासक ते रेणुराई गोंधळी. आणि १९८२ पर्यंत लातूर ज्या उस्मानाबाद जिल्ह्यांत मोडत होतें, त्यांतील तुळजापूरच्या भवानीचे उपासक ते कदमराई. यांचें विधिनाट्य लेखनिविष्ट करतांना जो प्रश्न उभा राहतो, तोच नोहविषयीं पूर्वीं उभा राहिला होता.

अर्नेस्ट फेनोलोसा यांनीं उमेवाका मिनोरू या थोर नटापाशीं नोहगायनाचे प्रत्यक्ष पाठ घेतले. १९०८ सालीं ते वारले. त्यांचीं टिपणें एझ्रा पाउंड या कवीनें १९१६ सालीं ग्रंथरूपास आणलीं. पाउंड यांस जपानी भाषा येत नव्हती. १९२१ सालीं आर्थर वेली यांचा ग्रंथ निघाला. वेली यांचें भाषाज्ञान उत्तम; परंतु त्यांनीं जपान देश कधींच पाहिला नाहीं. पहिला ग्रंथ रसाळ, पण अर्थाविषयीं भरंवशाचा नव्हे. दुसरा पुष्कळ विश्वसनीय आहे; योशिदा तोगो या इतिहासकारानें १९०९ सालीं छापलेल्या झेआमीच्या नाट्यविषयक लेखांचा त्यांत उपयोग केलेला आहे. तथापि एक उणीव दोहोंतहि आहे. नोहच्या गानपोथ्यांत अक्षरांशेजारीं स्वरचिन्हें असतात. अनुवादांत तीं गळालीं, आणि गावयाचें नाट्य केवळ वाचावयाचें काव्य झालें.

नोहची ही हानि भरून निघण्याजोगी आहे. कारण मूळ पोथ्या व गुरुपरंपरा विद्यमान आहेत. गोंधळास असा पोथीचा आधार नाहीं. चौक मांडणें, दिवटी पाजळणें, देवतांस आवाहन, नायकाचें आख्यान व शेवटीं आरती हा क्रम आणि संबळ-तुणतुण्याची लय हीं मुखपरंपरेनेंच चालत आलीं. द्रौपदीच्या मनांतील कर्णाविषयींचा अभिलाष सांगणारें जांभूळ आख्यानच घ्या. त्याची कथा एका पानांत मावेल. परंतु तिचा रंग नायक व साथीदार यांच्या प्रश्नोत्तरांत आहे. तीं पुनरुक्ति म्हणून वगळल्यास हातीं केवळ कथासार उरेल.

याकरितां गोंधळाची संहिता छापणारानें फेनोलोसांप्रमाणें गायकापाशीं बसावें व वेलींप्रमाणें अर्थाची कसून छाननी करावी. शिवाय साथीदाराचे प्रश्न, लयीचे पालट व विधीचा क्रम प्रत्येक ओळीसमोर नोंदवावा. ध्वनिमुद्रणाचीं साधनें आज सुलभ आहेत. जाणते गोंधळी हयात आहेत तोंवरच हें कार्य होणें शक्य आहे.