टोल्किन यांच्या ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’मधील मिथ्रिल : लोभाच्या आरोपाची चिकित्सा

प्रस्तावना :

इंग्रजी कल्पनारम्य साहित्यात जे. आर. आर. टोल्किन (१८९२–१९७३) यांचे स्थान अनन्यसाधारण आहे. ऑक्सफर्ड विद्यापीठात भाषा व साहित्याचे अध्यापन करणाऱ्या या लेखकाने ‘मिडल-अर्थ’ नावाचे एक संपूर्ण जग उभे केले. त्या जगाचा भूगोल, इतिहास व भाषा यांप्रमाणेच त्याची खनिजसंपत्तीही त्यांनी कल्पिली. ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’ (१९५४–५५) या कादंबरीतील ‘मिथ्रिल’ हे त्यातील अतिशय दुर्मिळ खनिज होय. मिथ्रिलची कथा सामान्यतः अतिलोभाची बोधकथा म्हणून वाचली जाते. हे वाचन संहितेच्या कसोटीवर कितपत टिकते, हे तपासणे हा प्रस्तुत लेखाचा हेतू आहे.

मिथ्रिलचे स्वरूप :

मिथ्रिल चांदीसारखे दिसते, परंतु चांदीप्रमाणे काळवंडत नाही. त्यापासून घडविलेला धातू वजनाला हलका आणि पोलादाहून कठीण असतो. आपल्या परंपरेतील परीस केवळ स्पर्शाने लोखंडाचे सोने करतो. मिथ्रिलचे तसे नाही. ते खोल खाणीतून काढावे लागते आणि त्याचे गुण कारागिराच्या हातूनच प्रकट होतात. मोरियाच्या पश्चिमद्वारावरील, केवळ चंद्र-ताऱ्यांच्या प्रकाशात दिसणारी अक्षरेही मिथ्रिलपासून सिद्ध केलेल्या द्रव्याने रेखलेली आहेत. म्हणजेच येथील अद्भुताच्या मुळाशी श्रम आणि कौशल्य आहे. ते श्रम मोरियात राहणाऱ्या ड्वार्फ या खाणकाम करणाऱ्या जमातीचे आहेत.

तीन साक्षी :

मिथ्रिलच्या शोधात खणत असताना तिसऱ्या युगाच्या १९८० या वर्षी ड्वार्फांकडून बालरोग हा अग्निराक्षस जागा झाला. त्यांचा राजा सहावा दुरिन मारला गेला आणि पुढच्याच वर्षी ते वैभवशाली नगर ओस पडले. या विनाशाची कारणमीमांसा कादंबरीत तीन ठिकाणी येते. एल्रॉन्डच्या सभेत ग्लोइन हा ड्वार्फ आपल्या लोकांनी फार खोल खणल्याचे मान्य करतो. लोभाचा उल्लेख तो करीत नाही. मोरियाच्या अंधारातून वाट काढताना गॅन्डाल्फ हा जादूगार मात्र खोलीच्या जोडीला हावरेपणाचाही ठपका ठेवतो. परिशिष्टातील इतिहासकथनाचा सूर आणखी वेगळा आहे. मिथ्रिल मिळणे वर्षागणिक अवघड होत चालले होते, असे तेथे नमूद आहे. शिवाय तो राक्षस सॉरॉनच्या दुष्टाव्यामुळे आधीच जागा झालेला असण्याची शक्यताही तळटीपेत नोंदविली आहे. यावरून लोभाचा ठपका हा संहितेचा अंतिम निवाडा नसून एका पात्राचे मत आहे, हे स्पष्ट होते. हे पात्र आदरणीय असल्यामुळे वाचक त्याचे मत सहज स्वीकारतो.

हव्यास कोणाचा?

मिथ्रिल सर्वांनाच हवे होते, हे गॅन्डाल्फ स्वतःच सांगतो. मोरियात मिथ्रिल सापडल्याचे कळल्यावर एल्फ शेजारच्या एरेगिऑन प्रदेशात येऊन वसले. एल्फराणी गॅलाड्रिएलची मुद्रिका मिथ्रिलचीच आहे. सॉरॉन ऑर्कांकडून खंडणी म्हणून तेच गोळा करतो. मागणी अशी सार्वत्रिक असताना दोष मात्र खणणाऱ्यांच्याच माथी येतो.

फ्रोडोच्या चिलखताची कथा या संदर्भात उद्बोधक आहे. थोरिनने बिल्बोला आणि बिल्बोने फ्रोडोला दिलेले हे चिलखत अवघ्या शायर प्रांताहून मौल्यवान आहे. बिल्बोने मात्र ते काही काळ तेथील संग्रहालयात ठेवले होते. मोरियात तेच फ्रोडोचे प्राण वाचविते. पुढे सिरिथ उंगोलच्या मनोऱ्यात त्याच चिलखतावरून ऑर्कांच्या दोन टोळ्या एकमेकींचा संहार करतात. वस्तू तीच असली, तरी तिच्याकडे पाहण्याची दृष्टी बदलताच परिणाम बदलतो.

अर्थात, ड्वार्फांवरील आरोप सर्वस्वी निराधार म्हणता येणार नाही. ‘द हॉबिट’ (१९३७) मध्ये थोरिनची धनासक्ती युद्धाच्या उंबरठ्यापर्यंत पोहोचते. तथापि एका राजाची आसक्ती आणि एका जमातीचे उपजीविकेचे श्रम यांत भेद करणे आवश्यक आहे. हा भेद कादंबरीत पुरेसा स्पष्ट होत नाही. मोरियातील सामान्य खाणकामगाराला तेथे नाव नाही आणि आवाजही नाही. ही या महत्त्वाच्या कलाकृतीची मर्यादा मानावी लागेल.

समारोप :

आपल्या कादंबरीकडे रूपककथा म्हणून पाहिले जाऊ नये, असे टोल्किन यांनी दुसऱ्या आवृत्तीच्या प्रास्ताविकात सुचविले होते. वाचकाने स्वतःच्या अनुभवाशी तिचा संबंध जोडण्याचे स्वातंत्र्य मात्र त्यांना मान्य होते. त्या स्वातंत्र्याच्या आधारे असे म्हणता येईल की, मिथ्रिलची कथा लोभाची असली तरी तो लोभ एकट्या ड्वार्फांचा नाही. खाणीच्या तळाशी असणाऱ्याला हावरा ठरविणे सोपे असते. परंतु त्याने काढलेले खनिज अंगावर मिरविणारेही त्या हव्यासाचे वाटेकरी असतात. मिथ्रिलची कथा या दृष्टीने पुन्हा वाचणे अगत्याचे ठरते.