मियातोविच, चेडोमिल
(१७ ऑक्टोबर १८४२–१४ मे १९३२). सर्बियन मुत्सद्दी, परराष्ट्रमंत्री, अर्थशास्त्रज्ञ व इतिहासकार. जन्म बेलग्रेड येथे. जर्मनी व स्वित्झर्लंडमध्ये अर्थशास्त्र व राज्यशास्त्र यांचे उच्च शिक्षण घेऊन तो मायदेशी परतला व बेलग्रेडच्या उच्च विद्यालयात प्राध्यापक झाला. एलोडी लॉटन या इंग्रज विदुषीशी त्याचा विवाह झाला. तिने सर्बियन लोककथांचा इंग्रजी अनुवाद प्रसिद्ध केला (१८७४). या विवाहामुळे त्याचा इंग्रजी भाषेशी व इंग्लंडशी जन्माचा संबंध जडला. १८७३ पासून त्याने अर्थमंत्रिपद अनेकदा भूषविले.

बर्लिनच्या तहाने (१८७८) सर्बियाला स्वातंत्र्य मिळाले; परंतु तत्पूर्वीच्या सान स्तेफानोच्या तहात रशियाने सर्बियापेक्षा बल्गेरियाला झुकते माप दिले होते, तर बॉस्निया व हेर्त्सेगोव्हीना हे प्रदेश बर्लिनच्या तहान्वये ऑस्ट्रिया-हंगेरीच्या ताब्यात गेले. अशा स्थितीत दोन बड्या सत्तांपैकी एकीचा आश्रय अटळ आहे, असे राजा मिलान याचे मत बनले. १८८० मध्ये पिरोचानाट्सच्या मंत्रिमंडळात मियातोविचकडे अर्थ व परराष्ट्रव्यवहार ही दोन्ही खाती आली. त्याने ऑस्ट्रिया-हंगेरीशी व्यापारी करार केला आणि २८ जून १८८१ रोजी गुप्त राजकीय करारावर सही केली.

मियातोविचच्या कारकीर्दीचे मूल्यमापन मुख्यतः या गुप्त कराराच्या आधारे केले जाते. ऑस्ट्रिया-हंगेरीने ओब्रेनोव्हिच राजघराण्याला पाठिंबा, सर्बिया राज्य म्हणून घोषित झाल्यास त्याला मान्यता व दक्षिणेकडील विस्ताराला अनुकूलता, अशी आश्वासने दिली. त्याबदली सर्बियाने बॉस्निया, हेर्त्सेगोव्हीना व नोव्ही पाझार येथे ऑस्ट्रियाविरोधी कारवायांना थारा न देण्याचे, तसेच व्हिएन्नाशी आधी विचारविनिमय केल्याशिवाय अन्य कोणत्याही देशाशी राजकीय करार न करण्याचे मान्य केले. दुसरी अट म्हणजे नुकत्याच मिळालेल्या स्वातंत्र्यावर स्वहस्ते घातलेली मर्यादाच होती. शिवाय कराराचा मजकूर प्रथम राजा व मियातोविच यांनाच ठाऊक होता. पंतप्रधान पिरोचानाट्स व अंतर्गत व्यवहारमंत्री मिलुतिन गाराशानिन यांना तो नंतर कळला. त्यांच्या तीव्र आक्षेपामुळे या कलमाचा अर्थ काहीसा सौम्य करून घ्यावा लागला व मियातोविचला परराष्ट्रखाते सोडावे लागले.

या धोरणाच्या बाजूने बरेच म्हणता येते. १८८२ मध्ये सर्बिया राज्य म्हणून घोषित झाला. १८८५ च्या युद्धात बल्गेरियाकडून स्लिव्हनित्सा येथे पराभव झाला, तेव्हा ऑस्ट्रियाच्या निर्वाणीच्या इशाऱ्यानेच विजयी बल्गेरियन सैन्य थांबले. तथापि हा लाभ प्रामुख्याने राजघराण्याच्या सुरक्षिततेशी निगडित होता. ज्या कराराचा भार राष्ट्रावर पडतो, तो मंत्रिमंडळालाही अज्ञात राहावा, हा या धोरणातील मूलभूत दोष होय. राजाचा विश्वास हेच मियातोविचच्या सत्तेचे अधिष्ठान राहिले. लोकमताचे पाठबळ त्याला कधी लाभले नाही. त्याच्याच अर्थमंत्रिपदाच्या काळात ज्या फ्रेंच बँकेला सर्बियन लोहमार्गाचा मक्ता दिला होता, ती यूनियाँ जेनेराल १८८२ मध्ये बुडाली व त्याच्यावर टीकेची झोड उठली.

त्याचे निर्विवाद यश बूखारेस्ट येथील वाटाघाटींत दिसते. बल्गेरियाशी ३ मार्च १८८६ रोजी झालेल्या तहावर सर्बियातर्फे त्याने सही केली. त्या तहात उभय देशांत शांतता पुनःस्थापित झाल्याचे सांगणारे एकच कलम होते. पराभूत राष्ट्राला प्रदेश वा खंडणी न देता युद्धातून बाहेर पडता आले. १८८८-८९ मध्ये तो पुन्हा परराष्ट्रमंत्री झाला. परंतु मिलानने राजत्याग केल्यावर त्याचे परराष्ट्रमंत्रिपद संपुष्टात आले. त्यानंतर बूखारेस्ट, लंडन व कॉन्स्टँटिनोपल येथे त्याने सर्बियाचा वकील म्हणून काम केले. १८९९ च्या हेग शांतता परिषदेत तो सर्बियन शिष्टमंडळाचा प्रमुख होता. जून १९०३ मध्ये राजा अलेक्झांडर व राणी द्रागा यांची लष्करी अधिकाऱ्यांनी हत्या केली, तेव्हा त्याने लंडनमधील वकिलातीचा राजीनामा दिला व पुढील आयुष्य मुख्यतः तेथेच व्यतीत केले.

त्याचे लेखन विपुल आहे. पंधराव्या शतकातील सर्बियन शासक जुराज ब्रांकोविच याचे चरित्र (२ खंड, १८८०–८२), अखेरचा बायझंटिन सम्राट कॉन्स्टंटिन याच्यावरील इंग्रजी ग्रंथ (१८९२) आणि काही ऐतिहासिक कादंबऱ्या त्याच्या नावावर आहेत. ब्रिटानिका विश्वकोशाच्या अकराव्या आवृत्तीसाठीही त्याने सर्बियाविषयी लेखन केले. त्याची शैली ओघवती व चित्रदर्शी असली, तरी त्याच्या इतिहासलेखनात परंपरेवरील श्रद्धा चिकित्सेहून प्रबळ आहे.

बाल्कन मुत्सद्द्याच्या आठवणी सांगणारे त्याचे इंग्रजी आत्मवृत्त १९१७ मध्ये प्रसिद्ध झाले. त्या वेळी सर्बिया ऑस्ट्रिया-हंगेरी व बल्गेरिया यांच्या लष्करी ताब्यात होता. ज्या सत्तेच्या छत्राखाली देश सुरक्षित राहील असे त्याने मानले होते, तीच आता आक्रमक ठरली होती. राजदरबारांतील व्यक्तिचित्रे हे या ग्रंथाचे बलस्थान होय. परलोकविद्येवरील त्याच्या विश्वासाचे उल्लेखही त्यात आढळतात. मात्र हा ग्रंथ साधन म्हणून वापरताना तो उतारवयात, स्मरणावर विसंबून व बदललेल्या परिस्थितीत इंग्रज वाचकांसाठी लिहिलेला आहे, हे ध्यानात ठेवणे आवश्यक ठरते.

मियातोविचला परक्या सत्तेचा हस्तक ठरवणे अन्यायाचे होईल. १८८१ मध्ये सर्बियापुढे पर्याय थोडे होते. परंतु दुर्बल राष्ट्राला बलाढ्य शेजाऱ्याशी जुळवून घ्यावे लागते तेव्हा स्वदेशातील संमतीचे महत्त्व अधिकच वाढते, याची जाण त्याच्या धोरणात अपुरी पडली. लंडन येथे त्याचे निधन झाले.