मोहन जोशी यांचा सखा पाटील

चरित्रभूमिका करणाऱ्या नटाचें मोजमाप कसें करावें, हा प्रश्न दिसतो तितका सोपा नाहीं. नायकाच्या नांवावर चित्रपट चालतो. परंतु त्यांत बाप, पुढारी किंवा खलपुरुष झालेल्या नटाचें नांव प्रेक्षक घरीं पोंचेपर्यंत विसरतो. मग अशा नटाचा गौरव करावयाचा झाला कीं त्याच्या भूमिकांची संख्या सांगावयाची, अशी चाल पडली आहे. संख्येवरून श्रम कळतात; गुण कळत नाहींत. म्हणून श्री. मोहन जोशी यांच्या प्रदीर्घ कारकीर्दीचा विचार आम्ही तीनच भूमिकांच्या आधारें करणार आहों.

जोशी यांचा जन्म १९४५ चा. मराठी रंगभूमीवर ते घडले. पंचेचाळिशी उलटल्यावर 'भूकंप' (१९९३) पासून हिंदी पडद्यानें त्यांना खलपुरुष म्हणून उचललें. प्रकाश झा यांच्या 'मृत्युदंड' (१९९७) मधील तिरपत सिंह व 'गंगाजल' (२००३) मधील साधू यादव हीं त्यांचीं दोन कामें विशेष लक्षांत राहण्याजोगीं आहेत. दोघेहि बिहारमधील दांडगे. असल्या भूमिकेंत सामान्य नट डोळे वटारतो व आरडाओरडा करितो. जोशी यांच्या दांडग्याचें बळ निराळें आहे. समोरच्याचें घर, शेत, अब्रू हीं सारीं आपल्याच मालकीचीं, याविषयीं त्याच्या मनांत शंकाच नसते. भीति वाटते ती या निश्चिंतपणाची.

तिसरी भूमिका मुळशीची. प्रवीण तरडे यांच्या 'मुळशी पॅटर्न' (२०१८) मध्यें जोशी सखा पाटील झाले आहेत. या तालुक्याला जमिनीचें दुःख नवें नाहीं. टाटांच्या धरणाविरुद्ध १९२१ सालीं येथील शेतकऱ्यांनीं सत्याग्रह केला. सेनापति बापट त्याचे पुढारी झाले. तरीहि धरण झालें व गांवें पाण्याखालीं गेलीं. ती जमीन हिसकावून घेतलेली होती. पुढें पुणें शहर वाढत आलें, हिंजवडीस संगणक-उद्योगांच्या इमारती उभ्या राहिल्या, आणि कित्येकांनीं आपल्याच सहीनें जमीन दिली. सखा पाटील हा अशांपैकीं एक. पैसा येतो, उडून जातो. आणि पाटलाच्या कुळांतला हा माणूस विकलेल्या जमिनीवर राखणदार होऊन उभा राहतो.

देह तोच आहे, आवाजहि तोच. परंतु मालकीची ती निश्चिंतता जोशी यांनीं त्यांतून काढून घेतली आहे. दुसऱ्याला लुटणारा माणूस ज्यानें इतका बारकाईनें अभ्यासिला, त्याला लुटला गेलेला माणूसहि कळावा, यांत नवल नाहीं. विशेष हें कीं, हा सखा केवळ दीन नाहीं. सही आपणच केली, ही खंत त्याच्या ठिकाणीं दिसते. जोशी प्रेक्षकांची दया मागत नाहींत, म्हणून ती अधिक येते. क्वचित् वाक्याचा शेवट मागच्या रांगेपर्यंत पोंचविण्याची रंगभूमीची संवय डोकावते, एवढेंच उणें.

या भूमिकेवर साऱ्या चित्रपटाची नीति अवलंबून आहे. सखाचा मुलगा राहुल गुंडगिरीच्या वाटेस लागतो. ओम भूतकर यांनीं तें काम जोमानें केलें आहे, आणि दिग्दर्शकानें त्याच्या रुबाबाला गति व संगीत यांची सढळ साथ दिली आहे. तरुण प्रेक्षक भुलतो तो या रुबाबाला. हा दोष लहान नाहीं. बापाच्या चेहऱ्यानें तो बराचसा सांवरून धरला आहे. याच कथेवरून महेश मांजरेकर यांनीं हिंदींत 'अंतिम' (२०२१) काढला. तेथें सचिन खेडेकर यांच्यासारखा जाणता नट बाप झाला आहे. परंतु सलमान खान यांच्या पोलीस अधिकाऱ्याला जागा करून देतांना बापाची जागा आकसली, आणि जमिनीची कथा पुष्कळ अंशीं गुंड व पोलीस यांची झुंज होऊन बसली.

दुय्यम म्हणविल्या जाणाऱ्या नटाचें महत्त्व यावरून ध्यानांत यावें. मुलांबरोबर 'मुळशी पॅटर्न' पाहण्याचा प्रसंग आलाच, तर राहुलच्या रुबाबाची चर्चा संपल्यावर वडीलधाऱ्यांनीं सखा पाटलाचा विषय अवश्य काढावा. त्या घरानें काय विकलें आणि त्याचें मोल कोणी दिलें, हें जोशी यांच्या भूमिकेंतच नीट पाहावयास मिळतें.