मालेगावचा सुपरमॅन आणि आपण
आपल्या नाशिक जिल्ह्यातलं मालेगाव म्हणजे १८५७ नंतर उत्तरेतून परागंदा झालेल्या विणकरांनी वाढवलेलं गाव. नासिर शेख यांचा ‘मालेगाव का सुपरमॅन’ तिथलाच. त्यात विस्थापनाची व्यथा कुठंय, असं आम्ही विचारत होतो. प्रश्नच चुकला! निर्वासिताच्या नातवानंही कॅमेऱ्यापुढे रडावं, ही अपेक्षा आपली. त्यांना सांगायचंय ते आजच्या गावाचं: खलनायकाला घाण प्रिय, आणि सुपरमॅन झालाय यंत्रमागावरचा कामगार. विडंबन म्हणून हसलो आम्ही, तेव्हा हे निसटलंच. फैजा अहमद खान यांचा त्यावरचा माहितीपट उत्तम, मायाळू. पण नजर पाहुण्याची. तो पुष्कळांनी पाहिला. मूळ सिनेमा इथं कुणी पाहिलाय?