कुलूप कुणाच्या दाराला? 'रिजन लॉक'ची चौकट नांदेड-लातूरला लावून बघताना



पीएच.डी.चा आराखडा घेऊन समितीसमोर गेलात की एक प्रश्न हमखास येतो: "तुमची सैद्धांतिक चौकट कोणती?" आपण एखाद्या गाजलेल्या इंग्रजी पुस्तकाचं नाव सांगतो, समिती मान डोलावते आणि विषय पुढे सरकतो. ती चौकट आपल्या जिल्ह्यात बसते का, हे सहसा कुणी विचारत नाही. मग फील्डवर्कच्या वेळी पंचाईत होते. चौकट पुस्तकाची, माहिती गावाची, आणि दोघांचं काही केल्या पटत नाही.

म्हणून आज एक पुस्तक घेऊ आणि ते नांदेड-लातूरला लावून बघू. पुस्तक इव्हान एल्किन्स यांचं आहे: 'लॉक्ड आउट', न्यूयॉर्क युनिव्हर्सिटी प्रेस, २०१९. विषय आहे करमणुकीच्या डिजिटल वस्तूंवर घातलेली प्रादेशिक बंधनं. डीव्हीडी, टीव्हीला जोडायची गेमची मशीन, ऑनलाइन व्हिडिओ, संगीत, असं सगळं त्यात येतं. एका देशात विकलेली वस्तू दुसऱ्या देशातल्या यंत्रावर चालू नये म्हणून कंपन्या जे कुलूप घालतात, त्याला 'रिजन लॉक' म्हणतात. एल्किन्स यांचा मुख्य मुद्दा असा, की हे कुलूप फक्त वस्तू अडवत नाही. जगात कोणत्या प्रदेशाची किती पत आहे, कुणाला आधी मिळणार आणि कुणाला उरलंसुरलं, हेही त्यातून ठरतं आणि दिसतं.

मुद्दा दमदार आहे. डीव्हीडीचंच बघा. कंपन्यांनी जगाचे सहा भाग पाडले. भारत पाचव्या भागात, रशिया आणि आफ्रिकेच्या बऱ्याचशा देशांबरोबर. नांदेड, नैरोबी आणि मॉस्को एका खान्यात! यांच्यात समान काय? ना भाषा, ना सिनेमा. त्या नकाशात आपली जागा कुठे होती, एवढंच समान.

इथपर्यंत माझी काही तक्रार नाही. अडचण गेमच्या मशीनपाशी सुरू होते.

आधी कुलूप कसं चालायचं ते समजून घ्या

निन्टेन्डो कंपनीने १९८३ मध्ये जपानमध्ये 'फॅमिकॉम' नावाचं मशीन आणलं. त्याच्या कॅसेटला ६० पिना होत्या आणि मशीनमध्ये कुलुपाची चिप नव्हती. १९८५ मध्ये तेच मशीन रूप बदलून 'एनईएस' या नावाने अमेरिकेत गेलं. आता कॅसेटला ७२ पिना झाल्या आणि आत एक जादा चिप आली. एक चिप मशीनमध्ये, तिची जोडीदार कॅसेटमध्ये. दोघींचं जुळलं तर गेम चालू. नाही जुळलं तर मशीन पुन्हा पुन्हा रिसेट होत राहणार. परवान्याशिवाय कुणी कॅसेट काढू नये हा त्यामागचा एक हेतू होता, आणि प्रदेश वेगळे ठेवण्याचं कामही त्याच चिपने केलं. युरोपातसुद्धा दोन गट होते. इंग्लंडची कॅसेट जर्मनीच्या मशीनवर चालत नसे.

आता आपल्याकडे या. नव्वदच्या दशकात आणि पुढेही काही वर्षं आपल्या बाजारात 'टीव्ही गेम' म्हणून जे मशीन मिळायचं, ते आठवा किंवा मोठ्या भावाला विचारा. 'लिटल मास्टर', 'टर्मिनेटर' अशी नावं, टीव्हीच्या अँटेनाच्या जागी खोचायची वायर, पिवळी किंवा काळी कॅसेट, आणि कॅसेट चालली नाही की तिच्यात मारायची फुंकर. ही मशीन फॅमिकॉमच्या नकला होत्या. लक्षात घ्या, नक्कल जपानी मशीनची झाली, अमेरिकन मशीनची नाही. साठ पिनांची, कुलूप नसलेली. म्हणजे एल्किन्स ज्या कुलुपाबद्दल लिहितात, ते आपल्या दारापर्यंत आलंच नाही.

त्याचा परिणाम काय झाला, ते एकाच गेमवरून बघू. रणगाड्यांचा गेम सगळ्यांना आठवतो: खाली विटांच्या आत एक गरुड, वरून येणारे शत्रूचे रणगाडे, आणि दोघं मिळून खेळायची सोय. त्याचं नाव 'बॅटल सिटी'. नाम्को कंपनीने १९८५ मध्ये तो फॅमिकॉमसाठी काढला. अमेरिकेत एनईएससाठी त्याची कॅसेट अधिकृतपणे कधीच विकली गेली नाही. तिकडच्या एखाद्या पोराला तो घरी खेळायचा असता, तर कॅसेट जपानहून मागवावी लागली असती आणि साठ पिनांची कॅसेट बहात्तर पिनांत बसवायला वेगळा अडॅप्टर शोधावा लागला असता. आपल्याकडे तोच गेम मशीनबरोबर फुकट मिळणाऱ्या 'अनेक गेम एकात' कॅसेटमध्ये असायचा. कॅसेटवर ९९९९ आकडा, आत मोजून काही डझन गेम, त्यात हा हमखास.

दुसरं उदाहरण 'कॉन्ट्रा'चं. १९९० मध्ये तो युरोपात 'प्रोबोटेक्टर' या नावाने आला आणि त्यात माणसांच्या जागी यंत्रमानव घातले गेले. आपले टीव्ही युरोपातल्या बऱ्याच देशांसारखे पाल पद्धतीचे. अधिकृत रस्त्याने तो आपल्याकडे आला असता तर कदाचित तोच अवतार आला असता. आपण खेळलो तो माणसांचा.

मग चौकट कुठे अडते?

माझा पहिला आक्षेप 'आयात' या शब्दावर आहे. परदेशी गेम मुद्दाम मिळवून खेळणारा हौशी माणूस समोर आणा. त्याच्याकडे तीन गोष्टी असतात. दुसरीकडे काय मिळतं हे त्याला माहीत असतं. आपल्याला ते दिलं जात नाही हेही माहीत असतं. आणि ते मिळवायला पैसा किंवा ओळख असते. म्हणजे त्याची 'आयात' ही निवड आहे. नांदेडच्या वजिराबादेत किंवा लातूरच्या गंजगोलाईत टीव्ही गेम विकत घेणाऱ्या घराकडे यातलं काय होतं? रणगाड्यांचा गेम जपानचा आहे आणि अमेरिकेला मिळालेला नाही, हे त्या पोरांना कुणी सांगितलं होतं? सगळेच गेम बाहेरचे असतील, तर 'बाहेरचा गेम' असा वेगळा प्रकारच उरत नाही. पुस्तकाच्या नावातला 'आउट' हा शब्द दाराबाहेर उभ्या असलेल्या माणसाचा आहे. आत काय आहे ते त्याला दिसतं, म्हणून तो चिडतो. आपल्याकडे दारच दिसत नव्हतं.

दुसरा आक्षेप पुस्तकावर नाही, आपल्यावर आहे. 'आयात' बसत नाही म्हटल्यावर आपण लगेच दुसरं टोक गाठतो आणि लिहून टाकतो, "मराठवाड्यातील युवकांनी भांडवली कुलुपाचा प्रतिकार केला." थांबा. कुलूप आहे हेच माहीत नसेल तर प्रतिकार कशाचा? पोरं खेळत होती. दुकानदार जे स्वस्त मिळेल ते आणत होता. त्यांच्या तोंडी 'प्रतिकार' घालणं म्हणजे त्यांना न विचारता त्यांच्या नावाने सही करणं आहे.

तिसरा आक्षेप मला सगळ्यात महत्त्वाचा वाटतो. नकाशात नसण्याचा खरा तोटा गेम न मिळणं हा नव्हता. गेम तर मिळाले. तोटा हा, की नोंद राहिली नाही. पक्कं बिल नाही, वॉरंटी कार्ड नाही, विक्रीचा आकडा नाही, कॅसेटवर खऱ्या कंपनीचं नाव नाही. आता एखाद्याने फक्त अधिकृत आकड्यांवर प्रबंध लिहिला, तर तो लिहील, 'भारतातील लहान शहरांत होम व्हिडिओ गेमिंग मोठ्या कंपन्यांच्या आगमनानंतर सुरू झालं.' वाक्य नीटनेटकं दिसेल, तळटीपही असेल, आणि एका पिढीचं बालपण त्यातून गळून पडेल. एल्किन्स पतीबद्दल जे म्हणतात ते आपल्याला लागू होतं, पण वेगळ्या जागी: दुकानाच्या काउंटरवर नाही, तर आपल्या संदर्भसूचीत.

कुलुपाची दुसरी बाजू

टीका एकतर्फी होऊ नये म्हणून हेही बघा. तुमच्या टेबलावरचं एखादं परदेशी प्रकाशनाचं पाठ्यपुस्तक उचला. लातूरला मेडिकल-इंजिनिअरिंगच्या पोरांकडे अशी पुस्तकं पडलेली असतात. पहिल्या पानांत किंवा मागच्या कव्हरवर बारीक अक्षरात लिहिलेलं असतं, की ही आवृत्ती फक्त भारतीय उपखंडात विक्रीसाठी आहे. हाही रिजन लॉकच! पण या कुलुपामुळेच ते पुस्तक आपल्याला अमेरिकेतल्या किमतीच्या मानाने स्वस्तात मिळतं. थायलंडहून अमेरिकेत शिकायला गेलेल्या सुपाप किर्तसेंग या विद्यार्थ्याने अशाच स्वस्त आवृत्त्या मागवून तिकडे विकल्या. प्रकाशक कोर्टात गेला, आणि २०१३ मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने ६ विरुद्ध ३ मतांनी विद्यार्थ्याच्या बाजूने निकाल दिला. निकाल विद्यार्थ्याच्या बाजूचा म्हणून आनंद वाटतो. पण उद्या सगळीकडे एकच किंमत ठेवायची असं प्रकाशकांनी ठरवलं, तर ती किंमत लातूरची असेल का न्यूयॉर्कची?

म्हणून किमतीचा प्रश्न सोडून कुलुपावर लिहू नका. अमेरिकेच्या सोशल सायन्स रिसर्च कौन्सिलने २०११ मध्ये 'मीडिया पायरसी इन इमर्जिंग इकॉनॉमीज' हा अहवाल काढला. जो कारागानिस त्याचे संपादक. भारतावर त्यात स्वतंत्र प्रकरण आहे. अहवालाचं म्हणणं थोडक्यात असं: चोरटी प्रत हा मुळात किमतीचा प्रश्न आहे, वस्तू महाग, उत्पन्न कमी आणि नकलेचं तंत्र स्वस्त. टीव्ही गेमच्या काळासाठी मला ही चौकट एल्किन्सपेक्षा जवळची वाटते. तिच्या जोडीला ब्रायन लार्किन यांचं 'सिग्नल अँड नॉइज' (२००८) वाचा. नायजेरियातल्या कानो शहरात चोरट्या प्रतींनीच सिनेमा-व्हिडिओची वाहतूक कशी उभी केली, हे त्यात आहे. तिथले लोक हिंदी सिनेमे बघत होते, त्यामुळे आपल्याला ते फार परकं वाटत नाही.

मग एल्किन्स सोडून द्यायचे का?

नाही. त्यांचं पुस्तक आपल्याकडे नंतरच्या काळासाठी उपयोगी पडतं. प्लेस्टेशन ४ वर कोणत्याही देशाची डिस्क चालते. पण त्याच गेमचा जादा भाग ऑनलाइन विकत घ्यायचा, तर डिस्क ज्या प्रदेशाची त्याच प्रदेशाचं खातं लागतं. दुबईहून पाहुण्याने आणलेली डिस्क इथे अडते. निन्टेन्डोचं 'स्विच' २०१७ मध्ये आलं. कॅसेटवर कुलूप नाही, पण कंपनीने ते भारतात अधिकृतपणे आणलं नाही. ज्याच्याकडे आहे, तो ऑनलाइन दुकानासाठी खात्यात दुसरा देश निवडतो आणि पुढे पैसे भरताना कार्ड चालेल का या काळजीत पडतो. म्हणजे बघा, जगात कॅसेटवरची कुलुपं सैल झाली, तेव्हा आपल्याला पहिल्यांदा कुलूप जाणवायला लागलं. ते चिपमधून खात्यात गेलं. आज नांदेडच्या पोराला दार दिसतं, किंमत दिसते, आणि आपण बाहेर आहोत हेही दिसतं. इथे 'लॉक्ड आउट' हे शब्द चपखल बसतात.

तर माझा निष्कर्ष असा: पुस्तक चांगलं आहे, पण त्याला काळाची आणि जागेची मर्यादा आहे. खात्यांच्या काळासाठी घ्या. कॅसेटच्या काळाला तसंच्या तसं चिकटवू नका.

तुम्ही काय करू शकता

या विषयावर, किंवा याच पद्धतीने दुसऱ्या एखाद्या विषयावर काम करायचं असेल, तर वस्तूपासून सुरुवात करा. जुनी कॅसेट मिळवा, पिना मोजा, आतल्या गेमची यादी करा, आणि त्यातला प्रत्येक गेम मुळात कोणत्या देशात निघाला होता ते शोधा. मुलाखतीत 'इम्पोर्टेड' किंवा 'पायरेटेड' हे शब्द तुम्ही आधी उच्चारू नका. 'कॅसेट कुठून यायची?' एवढंच विचारा. नांदेडला हैदराबाद जवळ, लातूरला सोलापूर-पुणे जवळ. माल येण्याचे रस्ते दोन शहरांत वेगळे निघतात का, हा एका चांगल्या शोधनिबंधाचा प्रश्न आहे.

इथली खरी कुलुपं कोणती होती, तेही विचारा. लाइट गेली की गेम पहिल्यापासून, कारण त्या कॅसेटमध्ये खेळ साठवायची सोय नव्हती. मग लोडशेडिंगच्या वर्षांत कोण किती खेळलं? घरात टीव्ही एक, तर रिमोट कुणाच्या हातात? बहिणींना पाळी मिळायची का? 'लातूर पॅटर्न'च्या घरात दहावीच्या वर्षी मशीन माळ्यावर जायचं का? ही बंधनं कोणत्याही कंपनीने घातलेली नाहीत, म्हणून बाहेरच्या पुस्तकात सापडणार नाहीत.

आणि एक काळजी घ्या. परवान्याशिवाय केलेली नक्कल विकणं हा १९५७ च्या कॉपीराइट कायद्याखाली गुन्हा आहे. दुकानदार विश्वासाने बोलेल. प्रबंधात त्याचं नाव, दुकान, गल्ली यांतलं काही ओळखू येता कामा नये. संमतीपत्र घ्या आणि ते वाचून दाखवा.

हे काम लवकर करा. त्या काळात दुकान चालवणारे आता थकत चालले आहेत, आणि कॅसेट तर दर दिवाळीच्या साफसफाईत किलोच्या भावाने भंगारात जातात.