रमाबाईंची अमेरिका आणि तेथला धर्म

दिवाळीच्या फराळाबरोबर अमेरिकेतल्या चर्चची चर्चा कशाला, असे घरची मंडळी विचारतील. पण पंडिता रमाबाईंचे ‘यूनाइटेड स्टेट्सची लोकस्थिति आणि प्रवासवृत्त’ हे १८८९ सालचे पुस्तक मी सुट्टीत पुन्हा काढले, आणि त्यातले धर्मपंथांवरचे प्रकरणच मला सर्वांत जिवंत वाटले. मी मॅट्रिक झालेला मास्तर. ईश्वरशास्त्र हा माझा प्रांत नव्हे. तरी हे नुसत्या पाहुणीचे लिहिणे नाही, एवढे मलाही कळते.

१८८३ मध्ये इंग्लंडात बाप्तिस्मा घेतल्यावर बाईंनी गुरुस्थानी असलेल्या सिस्टर जेराल्डाइनशीच वाद मांडला. त्रैक्याचा सिद्धांत त्यांना पटेना. आणि एका पुरोहितवर्गाचे जोखड नुकतेच उतरवलेल्या मानेवर दुसरे घ्यायची तयारी नव्हती. अशी बाई १८८६ मध्ये आनंदीबाई जोश्यांच्या पदवीदानासाठी फिलाडेल्फियास गेली. तेथे सरकार कोणत्याच पंथाला राजाश्रय देत नव्हते; लोक आपल्या पैशाने आपापले चर्च चालवीत. आम्हा नागपूरकरांना ही गोष्ट अगदीच परकी नाही. १८४५ साली येथे आलेले स्टीफन हिस्लॉप ज्या फ्री चर्चचे, ते उपाध्याय जमीनदाराने नेमायचा की मंडळीने, या भांडणातूनच १८४३ मध्ये फुटून निघाले होते.

वर्णद्वेषावर बाई कडक लिहितात. पण त्याच फिलाडेल्फियात रिचर्ड ॲलन यांच्या नेतृत्वाखाली निग्रोंना १८१६ मध्ये आपला वेगळा चर्चपंथ उभारावा लागला होता. या कसोटीवर त्यांनी चर्चला अधिक घासून पाहायला हवे होते.

बोस्टनला १८८७ मध्ये रमाबाई असोसिएशन निघाली. अध्यक्ष हेल हे त्रैक्य न मानणारे युनिटेरियन, उपाध्यक्षांत एपिस्कोपल पंथाचे फिलिप्स ब्रुक्स. एरवी एका पंगतीला न बसणारी मंडळी हिंदू विधवांसाठी बसली! त्या पैशावर शारदासदन उघडले, धर्म शिकवायचा नाही या बोलीवर. पुढे पुण्यात बाई दार उघडे ठेवून प्रार्थना करीत, मुली येऊन बसत. १८९३ मध्ये रानडे-भांडारकरांनी सल्लागार मंडळ सोडले.

हे भांडण त्या प्रकरणावाचून उलगडत नाही. सक्ती नको तशी बंदीही नको, हा बाईंचा अमेरिकेत पक्का झालेला अर्थ. पुण्याला तटस्थता म्हणजे दार लावलेले हवे होते. माझा कौल बाईंकडे जातो, पण कचरत. ज्या बापांनी रानड्यांच्या भरवशावर मुली धाडल्या, त्यांना रानड्यांनी काय सांगायचे? चाळीस घरची मुले समोर घेऊन बसणाऱ्या मला ती अडचण रोजचीच आहे.